अटकेच्या दिवशी कॅमेरा हजर असतो

ओटीटीवरची कोणतीही क्राइम डॉक्युमेंटरी लावा. पहिल्या दहा-पंधरा मिनिटांत एक ठरलेलं दृश्य येतं. पोलिसांची गाडी थांबते, मागचं दार उघडतं, डोक्यावरून काळं कापड ओढलेला माणूस खाली उतरवला जातो. दोन्ही बाजूंनी दंड धरलेले, समोर माईकांची गर्दी. चित्र थोडं हलत असतं, रंग उडालेले असतात, कोपऱ्यात वाहिनीचा जुना लोगो आणि खाली साल. आपण सरसावून बसतो. एवढा वेळ नट दाखवत होते, आता खरं सुरू झालं, असं वाटतं.

या 'खरं' वाटण्याबद्दल मला लिहायचं आहे. जुनं फुटेज बहुतेक वेळा खोटं नसतंच. पण ते कोणी घेतलं, कधी घेतलं आणि कॅमेऱ्याला तिथे बोलावलं कोणी, हे न सांगता दाखवलं तर ते एका बाजूची साक्ष होऊन बसतं. त्या साक्षीदाराची उलटतपासणी कोणी करू शकत नाही. कोर्टात खोटा साक्षीदार निदान प्रश्नांना उत्तरं देतो, फुटेज फक्त पुन्हा पुन्हा तेच दाखवतं.

याची किंमत काय असते हे बघायला लांब जावं लागत नाही. ११ जुलै २००६ च्या संध्याकाळी मुंबईच्या पश्चिम रेल्वेवर अवघ्या काही मिनिटांत सात लोकलगाड्यांच्या पहिल्या वर्गाच्या डब्यांत स्फोट झाले. १८० हून अधिक माणसं गेली, आठशेच्या वर जखमी झाली. फाटलेल्या डब्यांची ती दृश्यं ज्यांनी पाहिली त्यांना ती आजही आठवतात. त्यानंतर अटका सुरू झाल्या आणि काळ्या कापडाची दृश्यं सुरू झाली. ३० सप्टेंबर २००६ रोजी तेव्हाचे पोलीस आयुक्त ए. एन. रॉय यांनी पत्रकार परिषद घेऊन प्रकरणाचा छडा लागल्याचं जाहीर केलं. त्या दिवशी कॅमेऱ्यांची कमतरता नव्हती.

मोक्का न्यायालयाने २०१५ मध्ये बारा जणांना दोषी ठरवलं. पाच जणांना फाशी, सात जणांना जन्मठेप. आणि २१ जुलै २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने, न्या. अनिल किलोर आणि न्या. श्याम चांडक यांच्या खंडपीठाने, बाराही जणांना निर्दोष सोडलं. ओळख परेड ग्राह्य धरली नाही. कबुलीजबाब मारहाण करून घेतल्याचा आरोप दखल घेण्याजोगा मानला, कबुलीजबाबांतला मजकूर एकमेकांशी नको इतका जुळतो हेही नोंदवलं. स्फोटात नेमका कोणत्या प्रकारचा बॉम्ब वापरला गेला हेसुद्धा सरकारी पक्षाला सिद्ध करता आलं नाही. तीनच दिवसांनी सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल इतर खटल्यांत दाखला म्हणून वापरायला स्थगिती दिली, पण सुटलेल्यांना परत तुरुंगात पाठवलं नाही.

बारा जणांपैकी एक हा निकाल ऐकायला नव्हता. २०२१ मध्ये कोविडने तो गेला होता. त्या वेळी तो आमच्याच विदर्भात, नागपूरच्या मध्यवर्ती कारागृहात होता. त्याच कारागृहातून निकालाच्या संध्याकाळी दोघे जण बाहेर पडले.

आता जरा हिशेब करून बघा. या माणसांच्या आयुष्यातली एकोणीस वर्षं, आणि त्यातली चित्रित झालेली किती? अटकेचे काही सेकंद, कोर्टात नेतानाचे काही सेकंद आणि सुटकेच्या दिवशी तुरुंगाच्या दारातले काही सेकंद. कबुलीजबाब कसे घेतले गेले, म्हणजे ज्याच्यावर पुढचा सगळा खटला उभा राहिला ते, कुठेही चित्रित झालेलं नाही. फाशीच्या कोठडीतली दहा वर्षं नाहीत. घरच्यांनी दर भेटीसाठी केलेला रेल्वेप्रवास नाही. उद्या कोणी या प्रकरणावर मालिका करायला बसला तर त्याच्या हाती काय लागेल? तीच गाडी, तेच दार, तेच काळं कापड.

त्या कापडाचीही एक गंमत आहे. मराठी बातम्यांत त्याला 'बुरखा' म्हणतात. 'आरोपींना बुरखा घालून न्यायालयात आणण्यात आले.' कापड घालायचं कारण तसं बरोबर आहे. ओळख परेडीच्या आधी साक्षीदाराने चेहरा पाहू नये म्हणून ते असतं, आरोपीच्याच संरक्षणासाठी. पण पडद्यावर त्याचा परिणाम नेमका उलटा होतो. चेहरा झाकलेला माणूस कोणीही असू शकतो. त्याला डोळे नाहीत, वय नाही, फक्त बातमीच्या पट्टीत नाव आहे. मग ते नाव ज्यांच्या ज्यांच्या नावाशी जुळतं, त्या सगळ्यांच्या डोक्यावर ते कापड थोडं थोडं येतं. २००६ च्या त्या महिन्यांत एसटीत शेजारच्याने सहज नाव विचारलं आणि उत्तर ऐकून खिडकीबाहेर बघायला लागला, असा अनुभव माझ्या पिढीतल्या पुष्कळांना आहे, मलाही आहे. त्या शेजारच्याला मी दोष देत नाही. त्याने रात्री टीव्ही पाहिलेला होता.

मी उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवतो. उर्दूच्या तासाला दोन शब्द मुलं हमखास गोंधळतात, मुलजिम आणि मुजरिम. ज्याच्यावर इल्जाम आहे तो मुलजिम, ज्याने जुर्म केला तो मुजरिम. मराठीत आरोपी आणि गुन्हेगार. लिहिताना एखाद-दुसऱ्या अक्षराचा फरक, पण मधे अख्खं कोर्ट उभं असतं. फळ्यावर लिहून दिलं की मुलांना ते कळतं. पण नववीतल्या एका मुलाने मला विचारलं, "सर, हा तर मोबाइलवर पोलिसांसोबत दिसतो, मग सुटला कसा?" फळ्यावरचा फरक फोनच्या पडद्यावर पुसला जातो तो असा. त्या पोराचं काही चुकलेलं नाही. मोठी माणसंही असाच प्रश्न विचारतात, फक्त त्यांच्या आवाजात प्रश्नचिन्ह नसतं.

कॅमेरा कुठे जातो, याइतकंच तो कुठे जात नाही हेही बघायला हवं. मुंबईतल्या त्या पत्रकार परिषदेच्या आदल्याच संध्याकाळी, २९ सप्टेंबर २००६ रोजी, भंडारा जिल्ह्यातल्या खैरलांजीत भोतमांगे कुटुंबातल्या चौघांना मारलं गेलं. सुरेखा, प्रियंका, रोशन, सुधीर. तिथे कॅमेरा नव्हता. बातमी राज्यभर नीट पोचायला कितीतरी आठवडे गेले, आणि तीही मोर्चे निघाले, दगडफेक झाली तेव्हा. म्हणजे खैरलांजीच्या जुन्या चित्रणात मोर्च्यांचं फुटेज भरपूर, पण आधी त्या घराने पोलिसांकडे मारलेल्या खेपांचं काहीच नाही. नुसतं फुटेज जोडून कोणी त्यावर फिल्म केली, तर ती हिंसक मोर्च्यांची फिल्म होईल.

नागपूरच्या कस्तुरबानगरचं असंच. १३ ऑगस्ट २००४ रोजी अक्कू यादवला भर कोर्टात जमावाने मारलं. वर्षानुवर्षं वस्तीतल्या बायांना त्याने छळलं होतं, तक्रारी होऊनही तो सुटत राहिला होता. त्यावर नेटफ्लिक्सने २०२२ मध्ये 'इंडियन प्रिडेटर' या मालिकेत 'मर्डर इन अ कोर्टरूम' हा भाग आणला. दिग्दर्शक आपले उमेश विनायक कुलकर्णी, 'वळू' आणि 'विहीर'वाले. जुन्या बातम्यांचे तुकडे त्यात आहेत, आणि ते सगळे खून झाल्यानंतरचे आहेत. साहजिकच आहे. त्या वस्तीत त्याआधी कोणत्या वाहिनीची गाडी गेली होती? दिग्दर्शकाची अडचण मला समजते. दहा वर्षांच्या जाचाचं एकही मिनिट चित्रित नाही, आणि एका दुपारच्या खुनानंतरची रेलचेल आहे. त्यांनी बायांना कॅमेऱ्यासमोर बसवून बोलू दिलं, हे मला त्या मालिकेतलं सगळ्यात चांगलं काम वाटतं. नाट्यरूपांतराची दृश्यं मात्र मला नको होती. बाई बोलत असताना तिचा चेहरा पुरेसा होता.

परदेशातलं एक उदाहरण इथे सांगितलंच पाहिजे, कारण जुनं फुटेज कसं वापरावं याचा तो धडाच आहे. १९८९ च्या एप्रिलमध्ये न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमध्ये एका स्त्रीवर बलात्कार झाला. चौदा ते सोळा वयाची पाच काळी आणि लॅटिनो पोरं पकडली गेली. त्यांतल्या चौघांचे कबुलीजबाब व्हिडिओवर आहेत. पोरं समोर बसून सांगताहेत, आम्ही केलं. यापेक्षा पक्का पुरावा कोणता? पाचही जणांना शिक्षा झाली. २००२ मध्ये दुसऱ्याच एका कैद्याने गुन्हा कबूल केला, डीएनए त्याच्याशी जुळला आणि पाचही जणांची शिक्षा रद्द झाली.

केन बर्न्स, सारा बर्न्स आणि डेव्हिड मॅकमहन यांनी २०१२ मध्ये 'द सेंट्रल पार्क फाइव्ह' हा माहितीपट केला. त्यात ते कबुलीजबाब वगळलेले नाहीत, दाखवलेले आहेत. पण सोबत आता मोठे झालेले ते पुरुष सांगतात, की कॅमेरा सुरू होण्यापूर्वी कित्येक तास आत काय चाललं होतं. झोप नाही, ओरडणं, 'दुसऱ्याचं नाव घे आणि घरी जा'. तोच व्हिडिओ. त्याच्यातलं एक अक्षर बदललेलं नाही. पण आता आपण शब्द ऐकत नाही, पोराचे सुजलेले डोळे बघतो. पुढे न्यूयॉर्क शहराने या निर्मात्यांकडून न वापरलेलं फुटेजही मागितलं होतं, कोर्टाने ती मागणी फेटाळली.

'कॅमेरा सुरू होण्यापूर्वी काय झालं?' हा एक प्रश्न विचारला की फिल्म बदलते. आपल्याकडे तो विचारणारे नाहीत असं नाही. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पुतळ्याच्या विटंबनेनंतर जमलेल्या लोकांवर राज्य राखीव पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं गेली. जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता, असं पोलिसांनी सांगितलं, आणि पेटलेल्या वाहनाची दृश्यं लोकांनी पाहिलेली होती. न्या. गुंडेवार आयोगाने ते समर्थन मानलं नाही. आनंद पटवर्धन यांनी चौदा वर्षं चित्रीकरण करून २०११ मध्ये 'जय भीम कॉम्रेड' आणला. त्यात ही दृश्यं आणि त्यांमागचा दावा समोरासमोर ठेवला आहे. चौदा वर्षं हा आकडा मला महत्त्वाचा वाटतो. ओटीटीच्या कंपन्यांचं वेळापत्रक आठ-दहा महिन्यांचं असणार. तेवढ्या वेळात नवं काही शोधून होत नाही, जुनं विकत घेऊन जोडणंच होतं.

विकत घेणं हा शब्द मी मुद्दाम वापरला. जुन्या फुटेजला मालक असतो. वाहिनी किंवा वृत्तसंस्था ते सेकंदाच्या किंवा मिनिटाच्या भावाने देते. २०२५ मध्ये काही सेकंदांच्या तुकड्यांवरून एएनआय आणि यूट्यूबवर व्हिडिओ करणारी मंडळी यांच्यात मोठा वाद झाला, प्रकरण दिल्ली उच्च न्यायालयात गेलं. फुटेजचा मालक कोण आणि त्याची किंमत किती, यावर सगळे हिरिरीने बोलले. फुटेजमधल्या माणसाला त्यात काही म्हणायचा हक्क आहे का, हे त्या भांडणात कुठे आलं नाही. त्याचा झाकलेला चेहरा विकला जातो आणि त्याला विचारतही नाही कोणी.

कायदा याबाबत कुठे उभा आहे? खटला चालू असेल तर कोर्टं थोडीफार लक्ष घालतात. शीना बोरा प्रकरणावरची 'द इंद्राणी मुखर्जी स्टोरी' ही मालिका २०२४ च्या फेब्रुवारीत येणार होती, तेव्हा सीबीआय ती थांबवायला उच्च न्यायालयात गेली. न्यायमूर्तींनी मालिका स्वतः पाहिली, खटल्याला बाधक काही आढळलं नाही, आणि ती प्रदर्शित झाली. मला ते योग्यच वाटतं. बंदी घालून कोणाचं भलं होत नाही. पोलिसांनी माध्यमांना माहिती कशी द्यावी याची नियमावली करायला सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२३ मध्ये केंद्राला सांगितलं. हे सगळं निकालाआधीचं. निकालानंतर, माणूस सुटल्यावर, त्याच्या अटकेच्या चित्राचं काय करायचं, यावर मात्र शांतता आहे.

मला बंदी नको, पुसून टाकणंही नको. पुसलं तर उलट अन्यायाचा पुरावाच जाईल. मला हवी आहे फक्त एक ओळ. जिथे 'मुंबई, २००६' लिहिता तिथेच लिहा, 'पोलिसांनी माध्यमांना बोलावून दाखवलेलं दृश्य. यातील सर्वांची २०२५ मध्ये उच्च न्यायालयाकडून निर्दोष मुक्तता'. तेवढ्याच आकाराच्या अक्षरात, तेवढाच वेळ. सिगारेटच्या दृश्याखाली इशारा लिहायला आपण शिकलो, मग हे काय अवघड आहे?

आणि हे सगळ्यांना लागू. मालेगावात ८ सप्टेंबर २००६ ला, शब-ए-बारातच्या दिवशी, कब्रस्तानाजवळ स्फोट झाले, मेलेले बहुतेक मुसलमान, आणि पकडलेले नऊही मुसलमान. दहा वर्षांनी, एप्रिल २०१६ मध्ये, विशेष न्यायालयाने त्यांना आरोपमुक्त केलं. तोवर नवांपैकी एक जण हयात नव्हता. त्याच मालेगावात २९ सप्टेंबर २००८ ला पुन्हा स्फोट झाला, सहा जण गेले, आणि त्या खटल्यातल्या साध्वी प्रज्ञासिंह ठाकूर, कर्नल पुरोहित यांच्यासह सातही आरोपींना ३१ जुलै २०२५ रोजी विशेष न्यायालयाने पुराव्याअभावी सोडलं. म्हणजे लोकल स्फोटाच्या निकालानंतर दहा दिवसांनी. आमच्यातल्या काहींना पहिला निकाल न्याय वाटला आणि दुसरा अन्याय, दुसऱ्या बाजूच्या काहींना बरोबर उलटं. मला दुसऱ्या निकालाबद्दल काय वाटतं तो प्रश्न वेगळा आहे. पण त्यांच्या अटकेचं फुटेज कोणी दाखवलं, तर त्याखालीही तीच ओळ यायला हवी. माझा नियम फक्त माझ्या माणसांपुरता चालणार असेल, तर तो मागायला मी कोणत्या तोंडाने जाऊ?

ज्यांची माणसं गेली त्यांचं काय, हा प्रश्न कोणी विचारेल, आणि विचारायलाच हवा. माहीमच्या, माटुंग्याच्या त्या डब्यांतल्या माणसांच्या घरच्यांना एकोणीस वर्षं जी दृश्यं दाखवून सांगितलं गेलं की हेच ते, त्यांना आता सांगितलं जातंय की हे नव्हेत. मग कोण? त्यांच्या वाट्याला ना न्याय आला ना उत्तर, आणि दर ११ जुलैला त्यांच्या माणसाचा शेवटचा डबा मात्र टीव्हीवर पुन्हा येतो. चुकीच्या माणसावर रोखलेला कॅमेरा त्यांचीही फसवणूक करत होता.

यापुढचं चित्रण कदाचित वेगळं असेल. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२० मध्ये परमवीर सिंग सैनी प्रकरणात देशातल्या प्रत्येक पोलीस ठाण्यात आवाजासह चित्रण करणारे कॅमेरे लावायला सांगितलं, आणि ते चित्रण अठरा महिने, ते शक्य नसेल तर निदान वर्षभर, जपायला. कोठडीत मरणाऱ्यांच्या बातम्या येतच राहिल्या, म्हणून सप्टेंबर २०२५ मध्ये बंद पडलेल्या कॅमेऱ्यांची दखल त्याच न्यायालयाला स्वतःहून घ्यावी लागली. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नव्या संहितेप्रमाणे झडती आणि जप्तीचं चित्रीकरण सक्तीचं आहे. कागदावर हे चांगलं आहे. आमच्या कळंबसारख्या तालुक्याच्या ठाण्यातला कॅमेरा चालू आहे की नाही, हे ज्याचा पोरगा आत आहे त्या बापाला विचारता येतं का, सगळं त्यावर आहे. आणि खटला एकोणीस वर्षं चालत असेल तर अठरा महिने जपलेलं फुटेज कोणाच्या कामाचं?

लोकल स्फोट खटल्यात एक तेरावा माणूसही होता. अब्दुल वाहिद शेख, मुंबईतले शाळाशिक्षक. खटल्यात बारा जण दोषी ठरले तेव्हा, २०१५ मध्ये, ते एकटे निर्दोष सुटले होते, नऊ वर्षं आत काढून. बाहेर येऊन त्यांनी 'बेगुनाह कैदी' हे पुस्तक लिहिलं, आणि उरलेले बाराही निर्दोष आहेत हे शेवटपर्यंत सांगत राहिले. त्यांच्यावर २०२२ मध्ये 'हेमोलिम्फ' नावाचा चित्रपटही आला. ऑक्टोबर २०२३ मध्ये एका पहाटे, दुसऱ्याच एका प्रकरणात, तपास यंत्रणेचं पथक त्यांच्या विक्रोळीच्या घरी झडतीला आलं. आधी कागद दाखवा, असं म्हणत त्यांनी कित्येक तास दार उघडलं नाही. त्या वेळात ते मोबाइलवर स्वतःचं चित्रण करून बाहेर पाठवत होते. २००६ मध्ये त्यांच्या दाराच्या आतल्या बाजूने काही चित्रित झालं नव्हतं. या वेळचं चित्रण आतून आहे, चेहरा उघडा आहे, आणि शिक्षकाच्या आवाजात ते सांगताहेत की बाहेर कोण उभं आहे आणि किती वाजले आहेत.